कॅमेरा, राजपुत्र आणि कवायतीचं मैदान

मार्च १९०२ मध्ये जर्मन सम्राट दुसरा विल्हेल्म याचा धाकटा भाऊ, राजपुत्र हाइनरिश, हडसन नदीकाठच्या वेस्ट पॉइंटला गेला. अमेरिकेच्या या सैनिकी अकादमीची स्थापना १६ मार्च १८०२ ची. म्हणजे पाहुणा आला तो तिची शंभर वर्षं भरण्याच्या तोंडावर. छात्रांचं संचलन झालं, राजपुत्रानं पाहणी केली आणि थॉमस एडिसनच्या कंपनीनं ते दृश्य फिल्मवर घेतलं. कंपनीच्या यादीतलं चित्रफितीचं नाव अगदी सरळ आहे : 'प्रिन्स हेन्री रिव्ह्यूइंग द कॅडेट्स अॅट वेस्ट पॉइंट'. कथा नाही, नट नाहीत. पाहुणा, मैदान आणि छात्रांच्या रांगा, एवढाच ऐवज.

सिनेमाच्या पहिल्या दहा-पंधरा वर्षांत असल्या फिती ढिगानं निघाल्या. राजे जहाजातून उतरतात, घोड्यावरून पलटणीसमोरून जातात, कोनशिला बसवतात. आज त्या पाहणाऱ्याला दोन गोष्टी पटकन वाटतात. एक, हा इतिहासाचा थेट पुरावा आहे. दोन, यात पाहण्यासारखं फारसं काही नाही. दोन्ही समज तपासून पाहायला हवेत. या फितींमध्ये दिसतं ते खरंच घडलेलं असतं. पण कॅमेरा येण्याच्या कितीतरी आधी कुणीतरी ते ठरवून, आखून, तालीम करून ठेवलेलं असतं. त्यामुळे फीत काय दाखवते याच्या बरोबरीनं ती कुणी घेतली, कुणाच्या परवानगीनं घेतली, कशासाठी विकली आणि कशी टिकली हेही विचारावं लागतं.

सुरुवात यंत्रापासून करावी लागते. तेव्हाचा कॅमेरा तिपाईवर रोवलेला असे आणि हातानं हँडल फिरवून चालवला जाई. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसतात आणि सेकंदाला साधारण तेवढ्याच चौकटी घेण्याची रीत होती. म्हणजे एका सेकंदाला एक फूट. शंभर फुटांचं रीळ पावणेदोन मिनिटांच्या आत संपे. चित्रीकरण चालू असताना चौकटीत नेमकं काय येतंय हे धड पाहण्याची सोय नव्हती, कृत्रिम प्रकाश नव्हता, आवाज नव्हता. अशा यंत्राला हवा असतो तो प्रसंग उघड्यावर, भर दिवसा, ठरलेल्या वेळी आणि ठरलेल्या वाटेनं घडणारा. लष्करी संचलनात हे सगळं आयतं मिळतं. पलटण कुठून येणार, कुठे वळणार, मानवंदना कुठे देणार हे आदल्या दिवशीच ठाऊक असतं. रांगा तिरप्या कोनातून कॅमेऱ्याकडे येतात तेव्हा सपाट पडद्यावर खोली दिसते, आणि शेकडो पाय एका लयीत हलतात तेव्हा हलतं चित्र म्हणजे काय हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

त्या काळच्या फिल्मला निळा प्रकाश चटकन समजे, लाल जवळजवळ समजतच नसे. म्हणून ब्रिटिश शिपायांचे लालभडक डगले या फितींत काळपट दिसतात आणि निळं आभाळ कोऱ्या कागदासारखं पांढरं. ज्या रंगांवर लष्करी थाटाचा सगळा डोलारा उभा होता, ते रंगच फितीत उतरले नाहीत. आणि १६ च्या गतीनं घेतलेली फीत पुढच्या काळात २४ च्या गतीनं दाखवली गेली की सेनापतीपासून शिपायापर्यंत सगळे तुरुतुरु पळताना दिसतात. जुनी माणसं अशीच चालत असावीत असं पिढ्यान्‌पिढ्या प्रेक्षकांना वाटत आलं, आणि त्या हास्यास्पद चालीनं या फितींचं गांभीर्य फार घालवलं.

राजघराणी कॅमेऱ्यासमोर आली ती मात्र वेस्ट पॉइंटच्या सात वर्षं आधी. जून १८९५ मध्ये बर्ट एकर्स या छायाचित्रकारानं जर्मनीत कील कालव्याच्या उद्घाटनाचं आणि सम्राट विल्हेल्म करत असलेल्या सैन्यपाहणीचं चित्रण केलं. त्याला पैसा पुरवला होता श्टोलवेर्क या चॉकलेट कारखानदारानं. पॅरिसमध्ये ल्युमिए बंधूंचा पहिला तिकीट लावलेला खेळ व्हायला तेव्हा अजून सहा महिने होते. सिनेमाला प्रेक्षक मिळण्याआधीच राजा आणि फौज मिळाली होती!

पुढच्याच वर्षी, २७ जून १८९६ रोजी, एकर्सनं कार्डिफच्या प्रदर्शनाला आलेल्या इंग्लंडच्या युवराजांना टिपलं. त्या फितीत युवराज डोकं खाजवताना दिसतात अशी चर्चा वृत्तपत्रांत रंगली. चित्रकारानं काढलेल्या तैलचित्रात किंवा स्टुडिओतल्या फोटोत असा प्रकार घडणं शक्य नव्हतं. राजाच्या प्रतिमेवरचा दरबारचा ताबा पहिल्यांदा सुटला तो इथे, आणि दरबारानं हे ओळखायला वेळ लावला नाही. जुलैमध्ये एकर्सला मार्लबरो हाउसमध्ये बोलावून राजघराण्यासमोर खेळ करायला लावला गेला. ऑक्टोबरमध्ये बाल्मोरलला राणी व्हिक्टोरियाचं चित्रण झालं ते राजघराण्याच्या मर्जीतल्या डाउनी या छायाचित्रकारांकडून. त्या दिवशी रशियाचा झार निकोलस आणि त्याची राणीही तिथे पाहुणे होते.

त्या झारच्या राज्याभिषेकाची गोष्ट याहून गंभीर आहे. मे १८९६ मध्ये मॉस्कोत ल्युमिए कंपनीच्या माणसांनी राज्याभिषेकाचा सोहळा चित्रित केला. चारच दिवसांनी खोदिन्का मैदानावर राजाकडून मिळणाऱ्या भेटवस्तू घ्यायला जमलेल्या गर्दीत चेंगराचेंगरी होऊन तेराशेहून जास्त माणसं मेली. ल्युमिएचा तरुण सहायक फ्रान्सिस डुब्लिए तिथे कॅमेऱ्यासह हजर होता. त्यानं पुढे सांगितलेल्या हकिकतीनुसार पोलिसांनी कॅमेरा आणि फिल्म जप्त केली. सोहळ्याची फीत जगभर फिरली आणि आजही आहे. चेंगराचेंगरीची कुणाला दिसली नाही. राजे आणि फौजा यांच्या आरंभीच्या चित्रणाचा आढावा घेताना ही जोडी सतत समोर ठेवावी लागते.

२२ जून १८९७ रोजी राणी व्हिक्टोरियाच्या कारकिर्दीच्या हीरक महोत्सवाची मिरवणूक लंडनमधून निघाली, तेव्हा वाटेवर कितीतरी कंपन्यांचे कॅमेरे लागले होते. रॉबर्ट पॉल यानं त्या दिवसासाठी कॅमेरा आडवा फिरवता येईल असं तिपाईचं खास डोकं बनवून घेतलं. मिरवणुकीत हिंदुस्थानी घोडदळाच्या तुकड्या होत्या आणि त्या फितींत दिसतात. कॅमेऱ्याची एक महत्त्वाची सुधारणा अशी थेट एका शाही संचलनापायी झाली. पुढे फेब्रुवारी १९०१ मध्ये राणीच्या अंत्ययात्रेचं चित्रण करताना सेसिल हेपवर्थच्या कॅमेऱ्याचा खडखडाट शांततेत घुमला. आवाजाकडे नव्या राजाचं लक्ष गेलं, पण रागवण्याऐवजी त्यानं मिरवणूक क्षणभर थांबवली, अशी आठवण हेपवर्थनं नोंदवली आहे. राजा आता कॅमेऱ्यासाठी थांबू लागला होता.

राजपुत्र हाइनरिश याच गोतावळ्यातला. व्हिक्टोरियाचा तो नातू, कार्डिफला टिपल्या गेलेल्या युवराजांचा भाचा, आणि झारच्या राणीची सख्खी बहीण ही त्याची बायको. युरोपातली बहुतेक सिंहासनं एकाच नात्यात गुंतली होती, म्हणून या फितींमध्ये पुन्हा पुन्हा तेच चेहरे भेटतात. हाइनरिशचा अमेरिका दौरा मात्र कौटुंबिक नव्हता. १८९८ मध्ये मनिलाच्या उपसागरात अमेरिकी आणि जर्मन आरमारांत बरीच ताणाताणी झाली होती, ती निवळायला हवी होती. शिवाय अमेरिकेत जर्मन वंशाचे लाखो लोक राहत होते. निमित्त शोधलं गेलं ते सम्राटाच्या 'मेटिऑर' या शर्यतीच्या नौकेच्या जलावतरणाचं. ती न्यूयॉर्कजवळच्या गोदीत बांधली होती. २३ फेब्रुवारीला राजपुत्र न्यूयॉर्कला उतरला आणि दोनच दिवसांनी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांची मुलगी अॅलिस हिच्या हस्ते नौका पाण्यात गेली. त्यानंतर वॉशिंग्टन, शिकागो, मिल्वॉकी, बॉस्टन असा दौरा करत, हार्वर्डची मानद पदवी घेत तो वेस्ट पॉइंटला पोहोचला आणि ११ मार्चला मायदेशी निघाला.

या सबंध दौऱ्याचा पाठलाग कॅमेऱ्यांनी केला. एडिसनची कंपनी आणि तिची प्रतिस्पर्धी अमेरिकन म्युटोस्कोप अँड बायोग्राफ या दोघींनीही राजपुत्राच्या फिती काढल्या. जलावतरण, जर्मन वकिलातीला भेट, शिकागोतलं लिंकन स्मारक, अशा तुकड्यांची मालिकाच तयार झाली. खेळ करणारा हव्या त्या फिती विकत घेई, त्यांचा क्रम आपणच लावी आणि सोबत निवेदन करी. जर्मन वस्ती असलेल्या शहरांत या मालिकेला गिऱ्हाईक हमखास मिळणार हे दोन्ही कंपन्यांना कळत होतं.

त्याच दिवसांत या दोघींमध्ये कोर्टबाजी चालू होती. जुलै १९०१ मध्ये न्यायालयानं एडिसनचा पेटंटचा दावा मान्य केला होता आणि अमेरिकेतल्या सिनेमाच्या धंद्यावर त्याची जवळजवळ मक्तेदारी बसली होती. १० मार्च १९०२ रोजी अपील न्यायालयानं तो निकाल फिरवला. राजपुत्राचं जहाज सुटायच्या आदल्या दिवशी ही मक्तेदारी मोडली. चित्रपटाच्या इतिहासात या निकालाचं वजन राजपुत्राच्या दौऱ्यापेक्षा कितीतरी जास्त आहे, पण त्याचं चित्र कुठेच नाही. न्यायालयाच्या निवाड्यात हलण्यासारखं काही नसतं.

आता मैदानाकडे परत वळू. पाहुण्याच्या स्वागताला अकादमीचे प्रमुख होते कर्नल अल्बर्ट मिल्स. १८९८ च्या क्युबा मोहिमेत त्यांचा एक डोळा गेला होता. छात्रांमध्ये तेव्हा, पुढे नामांकित सेनापती झालेला, डग्लस मॅकआर्थर होता. जून १८९९ मध्ये तो दाखल झाला आणि १९०३ मध्ये वर्गात पहिला येऊन बाहेर पडला. जानेवारी १९०१ मध्ये याच मॅकआर्थरला अमेरिकी संसदेच्या चौकशी समितीपुढे साक्ष द्यावी लागली होती. ऑस्कर बूझ नावाचा एक माजी छात्र मरण पावला होता आणि अकादमीतल्या रॅगिंगमुळे त्याची प्रकृती ढासळली असा आरोप घरच्यांनी केला होता. नव्या मुलांना तासन्‌तास बैठका मारायला लावणं, तिखट सॉस पाजणं असले प्रकार चौकशीत बाहेर आले आणि त्यानंतर रॅगिंगबंदीचा कायदा झाला. त्याला जेमतेम एक वर्ष उलटलं असताना राजपुत्रासमोर हे संचलन झालं. पडद्यावर दिसते ती शिस्त. ती कशी बिंबवली जात होती याचा तपशील संसदेच्या छापील अहवालात आहे. अशा फितीशेजारी असा अहवाल ठेवून दोन्ही एकत्र वाचावेत. एकावर भागवणाऱ्याला अर्धीच अकादमी दिसते.

या भेटीमागे आणखी एक संदर्भ होता. युद्धमंत्री एलिहू रूट त्या काळात अमेरिकी लष्कराची फेररचना करत होते. नोव्हेंबर १९०१ मध्ये आर्मी वॉर कॉलेजचा हुकूम निघाला आणि फेब्रुवारी १९०३ मध्ये जनरल स्टाफचा कायदा झाला. दोन्हींसाठी त्यांनी ज्या नमुन्यांचा अभ्यास केला, त्यांत प्रशियाचा नमुना मुख्य होता. म्हणजे वेस्ट पॉइंटला आलेला पाहुणा ज्या लष्करी परंपरेचा प्रतिनिधी होता, तिच्याकडून अमेरिका तेव्हा शिकत होती. दौरा संपल्यावर विल्हेल्मनं फ्रेडरिक द ग्रेटचा पुतळा भेट म्हणून देऊ केला आणि १९०४ मध्ये तो वॉशिंग्टनला वॉर कॉलेजच्या आवारात उभा राहिला. एप्रिल १९१७ मध्ये अमेरिका जर्मनीविरुद्ध युद्धात उतरली आणि पुढच्या वर्षी तो पुतळा काढून कोठारात ठेवला गेला.

मुळात अशा अमेरिकी फिती आज पाहता येतात, त्या एका कायदेशीर अडचणीमुळे. १९१२ पर्यंत अमेरिकेच्या कॉपीराइट कायद्यात चलच्चित्र असा प्रकारच नव्हता, छायाचित्र होतं. म्हणून चित्रपट कंपन्या आपल्या फिती छायाचित्र म्हणून नोंदवत, आणि त्यासाठी पूर्ण फीत कागदाच्या लांबच लांब पट्टीवर छापून वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करत. मूळ फिल्म नायट्रेटची होती. नायट्रेट काळाच्या ओघात चिकट होतं, मग भुकटी होतं, आणि एकदा पेटलं की पाण्यातही विझत नाही. त्या पिढीच्या बहुतेक नायट्रेट फिती नष्ट झाल्या. कागद राहिला. विसाव्या शतकाच्या मध्याला या भेंडोळ्यांकडे पुन्हा लक्ष गेलं आणि केंप निव्हर यानं कागदावरचं प्रत्येक चित्र परत फिल्मवर उतरवण्याचं प्रचंड काम केलं. त्या कामाबद्दल १९५५ मध्ये त्याला विशेष ऑस्कर देण्यात आलं. तीन हजारांहून जास्त फिती अशा परत मिळाल्या. ही जपणूक नव्हे, मालकीच्या कागदपत्रांचा योगायोग होता, आणि संग्रहांच्या इतिहासात असे योगायोग किती आहेत हे पाहिलं की जे हरपलं त्याची कल्पना येते.

टिकलेली प्रत्येक शाही फीत खरीच असते असंही नाही. जून १९०२ मध्ये ठरलेला इंग्लंडच्या सातव्या एडवर्डचा राज्याभिषेक त्याच्या आजारपणामुळे ऑगस्टपर्यंत पुढे ढकलला गेला. वेस्टमिन्स्टर अॅबीच्या आत कॅमेऱ्याला मज्जाव होता. चार्ल्स अर्बन या लंडनच्या व्यावसायिकानं फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएस याला गाठून पॅरिसजवळ त्याच्या स्टुडिओत अॅबीचा देखावा उभारला, नट उभे केले आणि राज्याभिषेक आधीच चित्रित करून ठेवला. ९ ऑगस्टला खरा समारंभ झाला त्याच दिवशी ही फीत लंडनच्या अल्हांब्रा थिएटरात दाखवली गेली. नाटकी सोहळा पडद्यावर पाहून प्रेक्षकांची फसवणूक झाली असं म्हणणं सोपं आहे. पण खरा सोहळाही ठरलेल्या संहितेनुसारच होतो, म्हणून तर तो आधी चित्रित करता आला.

याच चार्ल्स अर्बनची पावलं पुढे हिंदुस्थानाकडे वळली. पण त्याच्या आधी इथे मराठी माणसाच्या हातात कॅमेरा आला होता. मुंबईचे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये कुस्तीचं चित्रण केलं. १९०१ मध्ये त्यांनी टिपलेला प्रसंग फार महत्त्वाचा आहे : केंब्रिजला सीनियर रँग्लर झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मुंबईला परतले त्याचं स्वागत. जगभरचे कॅमेरे राजे आणि पलटणी शोधत असताना हिंदुस्थानातल्या पहिल्या वृत्तपटाचा नायक एक गणिती ठरला. परांजप्यांच्या मिरवणुकीत सरकारी बंदोबस्ताचा रुबाब नव्हता. लोक आपण होऊन आले होते. नंतर सावेदादांनी १९०३ चा दिल्ली दरबारही चित्रित केला.

त्या दरबारात व्हाइसरॉय लॉर्ड कर्झनची आवडती तुकडी मिरवत होती. संस्थानिकांच्या मुलांना लष्करी शिक्षण द्यायचं म्हणून त्यानं इंपीरियल कॅडेट कोर स्थापन केला होता आणि त्याचं ठाणं डेहराडूनला होतं. काळे घोडे, पांढरे पोशाख, आघाडीला सर प्रतापसिंह. दिसायला ही तुकडी देखणी होती, पण ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या बरोबरीचं कमिशन या तरुणांना मिळत नव्हतं. गोऱ्या शिपायांवर हुकूम चालवण्याचा अधिकार न देता त्यांना लष्करी पोशाखात मिरवत ठेवायचं, असा तो बेत होता, आणि कॅमेऱ्याला त्यातलं मिरवणं तेवढं मिळालं.

१२ डिसेंबर १९११ च्या दरबाराला पाचवा जॉर्ज स्वतः आला. मुंबईत अपोलो बंदरावर तो उतरला तेव्हा गेटवे ऑफ इंडिया नव्हतं. तात्पुरता मंडप होता. देशी-विदेशी कितीतरी कंपन्यांनी हा दौरा टिपला. कलकत्त्याचे हिरालाल सेन त्यांत होते. त्यांच्या फिती १९१७ च्या आगीत खाक झाल्या. अर्बननं किनेमाकलर ही रंगीत पद्धत वापरली. लाल आणि हिरव्या काचा आळीपाळीनं समोर आणत सेकंदाला ३२ चौकटी घ्यायच्या आणि तशाच काचांतून दाखवायच्या. २ फेब्रुवारी १९१२ पासून लंडनच्या स्काला थिएटरात हा दीर्घ कार्यक्रम सुरू झाला आणि धो-धो चालला. काळपट डगले अखेर लाल झाले.

मराठी वाचकाच्या दृष्टीनं या दरबाराच्या फितींचं खरं मोल वेगळ्याच जागी आहे. निजामानंतर दुसऱ्या क्रमांकावर बडोद्याचे सयाजीराव गायकवाड राजाला मुजरा करायला पुढे आले. रीत अशी होती की तीनदा लवून, पाठ न दाखवता मागे सरकायचं. महाराज एकदाच लवले आणि पाठ फिरवून गेले, असा बोभाटा झाला. लंडनच्या वृत्तपत्रांनी राजद्रोहाचा सूर लावला. महाराजांनी व्हाइसरॉय हार्डिंग यांना खुलासा पाठवला : आपल्याआधी फक्त निजाम गेले होते, इतरांचं पाहून शिकण्याची संधी मिळाली नाही, गोंधळ झाला. तेवढ्यात दरबाराच्या फिती लंडनला पोहोचल्या आणि थिएटरांत लोक नेमका तो क्षण पाहायला जाऊ लागले. एका संस्थानिकाची निष्ठा तपासायला जनता चित्रपट पाहत होती!

फीत काय सिद्ध करते? एक माणूस पुढे आला, लवला, वळला. मनात अवज्ञा होती की गडबड, हे कोणत्याही कोनातून दिसत नाही. अरविंद घोषांना नोकरीत ठेवणारा, सक्तीच्या शिक्षणाचा कायदा करणारा हा राजा इंग्रजांच्या डोळ्यांत आधीपासूनच सलत होता, म्हणून त्याच्या वळण्यात त्यांना बंड दिसलं. स्वातंत्र्याची आस असलेल्यांनाही तेच दिसलं आणि त्यांना ते आवडलं. चलच्चित्र हा पुरावा म्हणून कसा वाकतो याचं याहून चांगलं उदाहरण हिंदुस्थानच्या इतिहासात क्वचितच सापडेल. असा पुरावा तपासण्याची योग्य पद्धत एकच : त्याच रिळात सयाजीरावांच्या आगेमागे आलेले संस्थानिक कसे लवले, कसे वळले, हे चौकटीगणिक ताडून पाहायचं.

अर्बनच्या त्या रंगीत कार्यक्रमाचं पुढे बहुतेक काही उरलं नाही. २००० मध्ये रशियातल्या क्रास्नोगोर्स्कच्या सरकारी संग्रहात त्याचा एक भाग सापडला. त्यात आहे दरबारानंतरच्या सैन्यपाहणीतलं तोफखान्याचं संचलन. राजधानी कलकत्त्याहून दिल्लीला नेण्याची घोषणा, संस्थानिकांचे मुजरे यांतलं काही रंगात उरलं नाही, कवायत उरली.

दरबारानंतर दहा वर्षांनी पाचव्या जॉर्जचा मुलगा, युवराज एडवर्ड, हिंदुस्थानात आला. १७ नोव्हेंबर १९२१ ला तो मुंबईत उतरला तेव्हा शहरात बहिष्कार होता आणि पुढचे काही दिवस दंगल चालली; पन्नासहून जास्त माणसं मेली. १९ तारखेला पुण्यात भांबुर्ड्याला त्यानं शिवाजी महाराजांच्या स्मारकाची कोनशिला बसवली. त्यामागे कोल्हापूरचे शाहू महाराज होते. या दौऱ्यातले कितीतरी प्रसंग वृत्तपटांनी टिपले आणि ब्रिटनभर दाखवले. दौऱ्याच्या शेवटी, १३ मार्च १९२२ रोजी, एडवर्डनं डेहराडूनला प्रिन्स ऑफ वेल्स रॉयल इंडियन मिलिटरी कॉलेजचं उद्घाटन केलं. कर्झनच्या कॅडेट कोरचा जुना परिसर या कॉलेजला मिळाला. सँडहर्स्टमध्ये १९१८ पासून हिंदुस्थानींसाठी वर्षाला दहा जागा राखल्या होत्या. त्यांच्यासाठी मुलं इथे तयार व्हायची होती. पुढे स्वतंत्र भारताचे लष्करप्रमुख झालेले थिमय्या इथल्या सुरुवातीच्या विद्यार्थ्यांपैकी.

या उद्घाटनाच्या तीनच दिवस आधी, १० मार्चला, महात्मा गांधींना साबरमतीला अटक झाली होती. उद्घाटनानंतर पाच दिवसांनी अहमदाबादेत खटला चालला, सहा वर्षांची शिक्षा झाली आणि त्यांना पुण्याला येरवड्याच्या तुरुंगात आणलं गेलं. त्या आठवड्याचा इतिहास लिहिणाऱ्यानं फक्त वृत्तपटांवर विसंबायचं ठरवलं तर त्याच्या हाती युवराज येईल, गांधी येणार नाहीत.

अशा फितींची आज काय स्थिती आहे? हिंदुस्थानाविषयीच्या आरंभीच्या चित्रणाचा मोठा साठा लंडनला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटकडे आहे आणि २०१७ मध्ये त्यातला बराच भाग इंटरनेटवर खुला झाला. भारताचं राष्ट्रीय फिल्म संग्रहालय पुण्यात १९६४ मध्ये सुरू झालं. पण जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात, नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागून सुमारे १,७०० चित्रपटांची रिळं गेली. हा घाव मोठा आहे आणि त्याबद्दल महाराष्ट्रात पुरेशी हळहळसुद्धा झाली नाही.

जे उरलंय त्याची ओळख पटवण्याचं काम मात्र बरंच बाकी आहे. लंडनच्या संग्रहात १८९९ ची एक फीत 'पॅनोरमा ऑफ कलकत्ता' या नावानं आहे. तिच्यात दिसतात ते काशीचे घाट. शंभर वर्षांहून जुनं चुकीचं नाव, आणि घाट ओळखणाऱ्या कुणालाही ते एका नजरेत कळतं. दरबारांच्या, दौऱ्यांच्या, संचलनांच्या फितींतही हेच आहे. सूचीत 'एक देशी संस्थानिक' एवढीच नोंद असते, आणि डोक्यावर शिंदेशाही पगडी असते, किंवा होळकरी, किंवा कोल्हापुरी फेटा. ग्वाल्हेर, इंदूर, बडोदा, कोल्हापूर, सांगली इथले राजे, सरदार, मानकरी आणि त्यांच्या पलटणी या रिळांतून चालत गेल्या आहेत. लंडनच्या किंवा मॉस्कोच्या सूचीकाराला त्यांतला फरक कळेलच असं नाही. पुण्या-बडोद्यात, ग्वाल्हेर-इंदुरात तो ओळखणारी माणसं अजून आहेत. त्यांतली बरीच वयानं ऐंशीच्या पुढची आहेत, आणि त्यांना या फिती दाखवून नावं लिहून घेण्याचं काम विद्यापीठांच्या इतिहास विभागांनी तातडीनं हाती घ्यायला हवं.